सगळ्या दारांना एकच तोरण

मी जन्मभर ट्रक चालवला. शाळा चौथीपर्यंत, तीही मास्तरांच्या मेहरबानीनं. पण रस्ता मी कधी चुकलो नाही, हे मी कुणाच्याही तोंडावर सांगेन. आसामात गेलोय, खाली तमिळनाडूच्या टोकापर्यंत गेलोय. तिथल्या पाट्या मला काय वाचता येणार! मी पाटी बघायचोच नाही, खूण बघायचो. वाकडी चिंच आली की डावीकडे वळायचं. हिरवी मशीद आणि समोर पंक्चरवाला दिसला की पुढं पूल आहे, गाडी हळू घ्यायची. एकदा गेलेला रस्ता दहा वर्षांनीही मला ओळख द्यायचा.

हे आधी सांगतो, कारण पुढचं वाचून कुणी म्हणेल की म्हातारा पहिल्यापासूनच तसला असणार. तसला नव्हतो मी.

आता मी परदेशात, मिल्टन नावाच्या गावी मुलाकडं राहतो. मुलगा आणि सून दोघंही कॉम्प्युटरवर काम करतात. इथं पूर्वी शेतं होती म्हणे, आता नुसती घरं. कारखान्यातून नवे ट्रक बाहेर पडून रांगेनं उभे असावेत तशी. तपकिरी वीट, काळं दार, शेजारी गॅरेज. पुढचं तेच, त्याच्या पुढचंही तेच. निदान ट्रक विकला गेला की मालक त्याला गोंडा लावतो, मागं काहीतरी लिहितो. इथं तेही नाही. घराचा नंबर असतो, पण तो एवढासा, विटेच्याच रंगाचा, आणि बर्फ चिकटला की तोही जातो. आणि खरं सांगायचं तर अलीकडं नंबर माझ्या डोक्यात टिकत नव्हता. सकाळी असायचा, दुपारी नसायचा. हे मी घरात कुणाला सांगितलं नव्हतं.

मी आपला उपाय केला. भारतीय दुकानातून आंब्याच्या पानांचं प्लॅस्टिकचं तोरण आणलं, मध्ये लाल गोंडा असलेलं, आणि दाराला लावलं.

"बाबा, विंटरमध्ये कोण तोरण लावतं?" सून म्हणाली.

"थंडी वाजू नये म्हणून नाही लावलेलं. उघडं दार बरं दिसत नाही."

ती हसली आणि विषय संपला. ती माझी खूण आहे हे तिला कळलं नाही, आणि मला तेच हवं होतं.

का हवं होतं, तेही सांगतो. माझा थोरला भाऊ शेवटी शेवटी घर विसरला होता. स्वतःच्या ओट्यावर बसून म्हणायचा, मला घरी सोडा. दोनदा बाहेर पडून कुठंतरी निघून गेला, तेव्हा त्याच्या पोरानं खोलीला बाहेरून कडी घालायला सुरुवात केली. पोरगा वाईट नव्हता, त्याला कामावर जावं लागायचं. मी भेटायला गेलो की कडी काढून आत जायचो आणि निघताना मीच ती लावायचो. लावली की आतून दारावर थाप पडायची. एकच, हलकी. भाऊ माझ्याकडं बघायचा तेव्हा त्याच्या डोळ्यांत राग नसायचा, ओळख नसायची. पाण्यात बुडालेल्या माणसानं वर बघावं तसं काहीतरी असायचं. मी जगात कशाला भीत असेन तर त्या कडीला.

आणि गेल्या पानगळीत मी एकदा मागच्या गल्लीत शिरून दुसऱ्याच्याच अंगणात खुर्ची टाकून बसलो होतो. आपलंच अंगण समजून. घरमालक सज्जन, त्यानं विचारपूस करून मुलाला फोन लावला. मुलानं येऊन मला गाडीत बसवलं. मग म्हणाला, "बाबा, परत असं झालं तर तुमचं एकटं बाहेर जाणं बंद. आम्ही दोघं ऑफिसला गेलो की मग दाराचं काहीतरी बघावं लागेल."

"दाराचं काय बघायचं?"

"असं लॉक मिळतं बाबा, आतूनही कोड टाकल्याशिवाय उघडत नाही."

त्यानं लॉक म्हटलं, मला कडी ऐकू आली.

तर आमच्या बेसमेंटमध्ये एक मुलगी भाड्यानं राहते. नागपूरची, ओकव्हिलच्या कॉलेजात सिनेमा शिकते, उरलेल्या वेळात कॉफीच्या दुकानात उभी असते. एक दिवस वर आली, चहा घेतला आणि माझ्याकडं टक लावून बघत बसली.

"काय गं, मिशीला चहा लागलाय का?"

"आजोबा, मला तुमचा चेहरा पाहिजे. शॉर्ट फिल्म करून राहिली मी."

"चेहरा एकच आहे. नेलास तर परत आणून द्यायचा."

"गोष्ट ऐका ना. एक माणूस दूध आणायला जातो अन् त्याला परत घरातच जाता येत नाही."

"का येत नाही?"

"तेच तर! काही कारणच नाही. कुलूप उघडत नाही. बेल दाबली की आतून बाई बोलते, 'आपण रांगेत आहात, कृपया प्रतीक्षा करा.' शेजारच्या घरी जातो, तिथंही तेच. त्याच्या शेजारी, तेच."

"मग शेवटी?"

"शेवटी तो बर्फावर बसून दूध पिऊन टाकतो."

"आणि?"

"आणि संपली."

"ह्याला सिनेमा म्हणतात? ह्यापेक्षा माझ्या ट्रकचं टायर बदलताना जास्त मजा यायची."

"अब्सर्ड म्हणतात आजोबा ह्याला. तुम्ही इन्शुरन्सवाल्यांना फोन करा, डॉक्टरची अपॉइंटमेंट मागा, रोज हेच होऊन राहिलं ना लोकांचं. रडण्यापेक्षा हसायचं." मग तिनं सहज विचारलं, "बरं, तुम्ही कसं ओळखता आपलं घर? सगळी तर सारखीच आहेत."

इथं माझी फुशारकी आडवी आली. मी तिला खुणेची सगळी विद्या सांगितली. चिंच सांगितली, मशीद सांगितली आणि तोरणही सांगितलं. तिचे डोळे असे मोठे झाले.

"आजोबा! सगळ्याच घरांना तोरण लावलं तर?"

"लाव की," मी म्हणालो.

माझीच जीभ. त्या वेळी मला त्यात काही भ्यायचं दिसलंच नाही.

तिनं त्याच दुकानातून तसलीच तोरणं आणली, लाल गोंड्यासकट. घरोघरी जाऊन परवानगी काढली. लोकांना कौतुक वाटलं. शनिवारी शूटिंग झालं. मी दुधाची पिशवी घेऊन या दारातून त्या दारात फिरलो. इथं दूध पिशवीतच मिळतं, ही या देशाची मला पटलेली एक गोष्ट. कॅमेऱ्यामागून पोरगी ओरडायची, "आजोबा, घाबरल्यासारखं करा ना!" मला ते जमेना. तोंड उघडं टाकायचो तर तिच्या मैत्रिणी हसत सुटायच्या. "आजोबा, तुम्ही घाबरून नाही राहिले, जांभई देऊन राहिले!" मी म्हटलं, मी आयुष्यात घाबरलो नाही, तर येणार कुठून? अंधारून आलं, काम अर्धं राहिलं. जाताना ती म्हणाली, "तोरणं बुधवारपर्यंत राहू देते हं, उरलेलं तेव्हा घेऊ." मी हो म्हटलं. ऐकलं होतं मी. हो म्हटलेलं मला आजही आठवतं.

सोमवारी सकाळपासून बर्फ पडत होता. मुलगा आणि सून कामावर गेले, पोरगी कॉलेजला. मी नेहमीसारखा कोट चढवून दुधाला बाहेर पडलो. फोन घेतला नाही. फोन मला खिशात बसलेल्या मुकादमासारखा वाटतो. दुकानात दूध घेतलं, तिथल्या काउंटरवरच्या पोराशी दोन शब्द हिंदी बोललो आणि परत निघालो.

गल्लीच्या तोंडाशी आलो आणि मान वर करून तोरण शोधलं. दिसलं. बरं वाटलं. मग त्याच्या पुढच्या दारालाही दिसलं. त्याच्या पुढच्याही.

शूटिंगची आठवण त्या क्षणी माझ्या डोक्यात नव्हती. कुठं गेली होती कोण जाणे. मला एवढंच दिसलं की आपली खूण सगळीकडं झाली आहे. वाकडी चिंच एका रात्रीत रस्त्याच्या दोन्ही बाजूंना उगवावी तसं.

नंबर आठवून बघितला. नव्हता. नंबर बसतो त्या जागी हात घातला तर तिथं काहीच नाही, रिकामा खिसा. पण दाराचा कोड माझ्या बोटांत होता. वरचा कोपरा, खालचा कोपरा, मग मधलं बटण दोनदा. ते मी आकड्यानं कधी शिकलोच नव्हतो. मी पहिल्या दाराशी गेलो आणि दाबला. लाल दिवा. कुलूप किंचाळल्यासारखं वाजलं. पुढच्या दाराशी गेलो. लाल. माझी बोटं थंडीनं लाकडासारखी झाली होती, म्हणून वाटलं बोटंच चुकत असतील. हातमोजे काढून दातांत धरले आणि पुन्हा दाबलं. लाल. आता बोटांवरचाही भरवसा गेला. घर हेच असेल आणि बोटं विसरली असतील, तर मग मी माझ्याच घरापुढून पुढं चाललो होतो.

एका दाराशी उभा असताना भिंतीतून आवाज आला. "हॅलो? कॅन आय हेल्प यू?" बाईचा आवाज. माणूस कुठं नाही. दाराच्या घंटीत एक काळा डोळा आणि त्याभोवती निळा उजेड फिरतोय. मी म्हटलं, "घर... माझं घर." आवाज म्हणाला, "सॉरी?" आणि मग पुढं काय म्हणाला कळलं नाही.

तेव्हा मला सिनेमा आठवला. पण आठवायचा तसा आठवला नाही. मला वाटलं, हेच ते. शूटिंग चालू आहे. आतली बाई बोलते ना, रांगेत आहात म्हणून. मी मागं वळून पोरगीला शोधायला लागलो. गाडीआड बघितलं, झाडाआड बघितलं. "झालं का गं? कट म्हण ना," असं मोठ्यानं म्हणालो. रस्त्यावर कुणी नव्हतं. बर्फ पडतानाचा आवाज नसतो, हे मला त्या दिवशी कळलं. मी सिनेमात आहे की बाहेर, हे मला सांगता येत नव्हतं. थंडी विसरण्यासारखी नव्हती, तरी मला थंडीची भीती नव्हती. मला भीती ही होती की, आता आपल्या डोळ्यांत काय दिसत असेल.

शेवटी कुणाच्या तरी अंगणातल्या बर्फाच्या ढिगावर बसलो आणि दुधाची पिशवी दातांनी फोडली. का फोडली? सिनेमात शेवटी तसंच होतं म्हणून. ते केलं की हे संपेल असं वाटलं. दूध तोंडात कमी आणि कोटावर जास्त गेलं. संपलं काहीच नाही.

मग शेजारची पंजाबी बाई फावडं घेऊन बाहेर आली. माझ्याच वयाची, मुलाकडं राहणारी. तिनं मला बघितलं आणि कमरेवर हात ठेवले.

"अरे भाईसाब, अभी तक शूटिंग चल रही है?"

मी तोंड पुसलं. "हाँ जी," मी म्हणालो. "चल रही है."

"इतनी ठंड में? लड़की ने मार डालना है आपको. घर जाओ, चाय पियो!" आणि ती स्वतःच्या दाराकडं वळली. तिच्या डावीकडचं आमचं घर, एवढं मला ठाऊक होतं. तिच्या मागं मागं गेलो आणि दार गाठलं. कोड दाबला. हिरवा दिवा लागला. आत जाऊन मी आतून दाराला पाठ लावून उभा राहिलो, आणि खालच्या पायपुसण्यावर दुधाचे थेंब पडत राहिले.

वाटलं, झाकलं गेलं. पण संध्याकाळी मुलगा आला तो बूट न काढताच माझ्यासमोर. हातात फोन. गल्लीच्या ग्रुपवर कुणीतरी व्हिडिओ टाकला होता, की एक माणूस दारं उघडायला बघतोय, ओळखतं का कुणी? मग दुसऱ्यानं आपल्या दाराचा टाकला, मग तिसऱ्यानं. प्रत्येक घंटीच्या डोळ्यानं मला बघून ठेवलं होतं.

"बाबा, हे तुम्ही?"

"मीच की. शूटिंग."

"एकट्यानं? फोन न घेता?"

"सिनेमातला माणूस फोन घेऊन फिरतो का?"

त्यानं खाली हाक मारली. पोरगी वर आली. त्यानं तिला व्हिडिओ दाखवला आणि विचारलं, "हे तू करायला सांगितलंस?" तिनं तो बघितला. मग माझ्याकडं बघितलं. मी तिच्याकडं विनवणीनं बघितलं नाही. निदान तसं मला वाटतं.

"हो दादा," ती म्हणाली. "मीच सांगितलं होतं आजोबांना. सॉरी."

मुलानं तिला चांगलं झापलं. पंच्याऐंशीला टेकलेल्या माणसाला बर्फात कसलं पाठवतेस, सीरियसली. तिनं सगळं ऐकून घेतलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती आली ती चहाला बसलीच नाही. उभ्यानंच म्हणाली, "आजोबा, ते दाराच्या कॅमेऱ्यातले व्हिडिओ... मी जे शूट केलं ते त्याच्यापुढं काहीच नाही. पण तुम्ही नाही म्हटलं तर मी हात नाही लावणार."

मी विचार केला. सिनेमात घातलं की ते सिनेमातलंच होतं. मग कुणी विचारणार नाही. "वापर," मी म्हटलं. "आणि उरलेलं शूटिंग करायला नको आता."

ती दारापर्यंत गेली आणि पाठमोरीच म्हणाली, "तुम्ही फोन घेऊन जात जा ना, आजोबा."

कॉलेजात सिनेमा दाखवला त्या शनिवारी दुपारी आम्ही तिघंही ओकव्हिलला गेलो. अंधार झाला आणि पडद्यावर मी आलो. वाकडा, घंटीच्या डोळ्यातून दिसतो तसा नाक मोठं झालेला. लाल दिवा, तोंड पडलेलं, पुढचं दार. तोरण, तोरण, तोरण. लोक हसायला लागले. भिंतीतली बाई म्हणाली, आपण रांगेत आहात, आणि हसण्याचा गडगडाट झाला. मुलगाही हसत होता, त्याचा खांदा माझ्या खांद्याला लागून हलत होता. मग मी पडद्यावर मागं वळलो आणि पोरगीला शोधायला लागलो. "कट म्हण ना," असं माझं तोंड हललं. आणि सरळ त्या डोळ्यात बघितलं.

ते डोळे माझ्या भावाचे होते.

सगळा हॉल हसत होता. माझ्या खांद्याला लागलेला खांदा मात्र हलायचा थांबला होता.

बाहेर पोरंपोरी माझे हात हातात घेत होती. "वॉट ॲन ॲक्टर!" असं म्हणत होती. मी मान डोलावत होतो. मुलगा गाडी काढायला गेला होता.

आम्ही परत निघालो. दिवस मावळायला आलेला. आमच्या गल्लीत शिरताना मी मान वर केली, तर एकाही दाराला तोरण नव्हतं. सुनेनं त्याच सकाळी सगळी तोरणं उतरवून पोरगीला पिशवीत भरून दिली होती, त्यात आमचंही गेलं होतं. काळी दारं, तपकिरी वीट, वर बर्फ. मुलानं गाडी हळू केली आणि रस्त्याच्या कडेला घेतली. कुणाच्याच दारात नाही, अशीच कडेला.

"बाबा," तो म्हणाला, "आपलं घर कोणतं?"

आवाज साधा होता. चहा घेणार का, असं विचारावं तसा. सून मागं बसलेली, ती पुढं वाकली.

गाडी तू चालवतोस आणि रस्ता मला विचारतोस? हे वाक्य माझ्या जिभेवर तयार होतं. ते बोललो असतो तर तो हसलाही असता कदाचित, आणि ती संध्याकाळ निघून गेली असती. मी एकेक दार बघितलं. शेजारणीच्या पायऱ्या शोधल्या, त्याही बर्फाखाली. बोट कुठल्यातरी दाराकडं करून मोकळं व्हावं असंही वाटलं.

घाटात धुकं उतरलं की मी गाडी बाजूला लावून उभी करायचो. मागचे हॉर्न मारायचे, आईबहिणीवरून बोलायचे. मी हलायचो नाही. त्यात मला कधी कमीपणा वाटला नव्हता.

"मला नाही सांगता येत," मी म्हणालो.

मुलानं इंजिन बंद केलं. "त्या दिवशी शूटिंग नव्हतंच ना?"

"नव्हतं."

"मग खोटं का बोललात?"

"तू कडी घालशील म्हणून."

"कसली कडी?"

त्याला ठाऊकच नव्हतं. चुलता आजारी होता तेव्हा हा पुण्याला शिकत होता, आणि नंतर घरात कुणी तो विषय काढला नाही. मीही नाही. मी त्याला गाडीतच सांगितलं, कडी, थाप, सगळं. काचा आतून धुरकट झाल्या. सून मागून म्हणाली, "अहो बाबा, आम्ही तसं कधी..."

"मी बाहेरून लॉक नाही लावणार," मुलगा म्हणाला. "आतूनही नाही. पण..."

तो ‘पण’वर थांबला. मी त्याला पुढं ढकललं नाही. पुढचं त्यालाही ठाऊक नव्हतं आणि मलाही नाही.

आता डॉक्टरांना दाखवून झालं, गोळ्या चालू आहेत, आणि मुलगा बहुतेक दिवस घरूनच काम करतो. फोन खिशात असतो, मुकादम तर मुकादम. दुधाला अजून मीच जातो. सुट्टीच्या दिवशी मुलगा बरोबर येतो, पण पुढं मी आणि मागं तो, असं मी ठरवून घेतलं आहे. पोरगीनं आमचं तोरण परत आणून दिलं आणि मुलानं स्वतः शिडीवर चढून ते लावलं. बाकी सगळी दारं उघडीबोडकी आहेत.

तरी रोज कोड दाबताना बोटांवर भरवसा नसतो. दिवा हिरवा होईपर्यंत मी तिथं नसतोच. मग दार उघडतं. आत कुणीतरी असतं, "आलात का बाबा?" म्हणतं. मी लगेच ओ देत नाही. मुलाच्या डाव्या भुवईत एक खोक आहे, लहानपणी माझ्या ट्रकच्या पायरीवरून पडला होता त्याची. ती आधी बघतो. दिसली, की मग बूट काढतो.